इनागावाची सातवी भूमिका

जपानी इनागावा वरच्या मजल्यावर राहायला आला, तेव्हा तोही कुठल्यातरी चिप कंपनीतला असणार असं यतीन धरून चालला होता. सनीव्हेलमध्ये दुसरं कोण राहतं? पण तो निघाला सिनेमावाला. स्वतःच लिहायचा, स्वतःच कॅमेरा लावायचा, मुख्य भूमिकाही स्वतःच करायचा. अमेरिकेत पाच वर्षांत सहा सिनेमे, प्रत्येक एकेका खऱ्याखुऱ्या शेजाऱ्यावर. समीक्षक लिहीत, हा माणूस भूमिका करत नाही, भूमिकेत राहायला जातो.

२००६ साली त्याने सातव्या सिनेमासाठी यतीनला निवडलं. यतीनला नवल वाटलं नाही. पुण्याच्या हुशार माणसावर सिनेमा निघायला उलट उशीरच झाला होता.

मग इनागावा रोज जेवायला येऊ लागला. यतीन भात कसा कालवतो, कुलूप लावल्यावर दार दोनदा कसं ओढून बघतो, सगळं निरखायचा. एकदा इनागावाने ‘आशू’ अशी हाक मारली आणि स्वयंपाकघरातून यतीनच्या बायकोने, आश्लेषाने, ओ दिली.

"अगं, मी इकडे आहे," यतीन सोफ्यावरून म्हणाला.

"आवाज तुझाच वाटला रे." ती हसली नाही.

"ॲक्टर आहे यार तो!"

जेवताना तिने इनागावाला इंग्रजीत विचारलं, "आधीची ती सहा माणसं प्रीमियरला येतात?"

"त्यांची बायकामुलं येतात," तो म्हणाला आणि आमटी वाढून घेतली.

शूटिंग शनिवारी दुपारी, यतीनच्याच घरात. इनागावाने यतीनचा निळा शर्ट घातला. आश्लेषाला आश्लेषाचंच काम होतं. खऱ्या नवऱ्याला पाहुणा होऊन दाराबाहेरून निरोप घ्यायचा होता. वाक्य एकच: ‘जातो.’

"जातो काय? येतो म्हण," आश्लेषाचा चेहरा उतरला. "घरातून निघताना जातो म्हणतं का कोणी?"

"आशू, इंजिनिअर आहेस तू. आजीसारखं काय बोलतेस?"

कॅमेऱ्याचा लाल दिवा लागला. यतीन उंबऱ्याबाहेर उभा राहिला आणि खणखणीत आवाजात म्हणाला, "जातो."

दार बंद झालं.

‘कट’ कोणी म्हणेना.

त्याने दार वाजवलं. साखळी न काढता आश्लेषाने फटीतून पाहिलं.

"येस? कॅन आय हेल्प यू?"

"आशू, मी."

ती आत वळली. "अरे, तुझ्या ओळखीचे आहेत का हे?"

"नाही गं," आतून यतीनचा आवाज आला.

दार लागलं. कुलूप फिरलं.

मग आतून कोणीतरी दार ओढून बघितलं. एकदा. आणि खात्रीसाठी पुन्हा एकदा.