निळ्या खोक्यातली पुस्तकं

एकाच सकाळी, एकाच बोटीवरून वेंगुर्ल्याच्या परुळेकरांच्या घरी दोन गोष्टी आल्या. एक होतं आबांनी लिहून ईमेलने पाठवलेलं एका पुस्तकाचं लांबलचक प्रकरण. ते स्वल्पविरामांसकट जसंच्या तसं पोचलं. दुसरा होता आबांचा फोन. त्यातलं मधलं बोलणं मात्र कुठेतरी हरवलं. बोट तीच, समुद्र तोच, मग असं का झालं?

आबा, म्हणजे मैथिलीचे आजोबा डॉ. दत्ताराम परुळेकर, समुद्राच्या तळाशी टाकलेल्या इंटरनेटच्या केबली दुरुस्त करणाऱ्या बोटीवर शास्त्रज्ञ होते. घरी माडीवर त्यांची कागदी पुस्तकं होती. इंटरनेट कसं जन्मलं आणि कसं वाढलं, हे सांगणारी. हे साल २०५८. अशी पुस्तकं आता कोणी छापत नव्हतं.

फोनवर आबा म्हणाले, "मैथिली, निळ्या खोक्यातली पुस्तकं..."

आवाज खरखरला, तुटला. मग ऐकू आलं, "...रद्दीत दे. कळलं ना?"

मधलं काहीतरी गेलं, हे मैथिलीला समजलं होतं. 'परत सांगा' एवढंच म्हणायचं होतं. पण शेजारी आई उभी होती, आणि मैथिली घरात 'एकपाठी' म्हणून प्रसिद्ध होती. एकदा ऐकलं की पाठ! पाहुणे आले की तिला उभं करून काहीतरी म्हणून दाखवायला लावत. अशा मुलीने परत कसं विचारायचं?

"कळलं आबा," ती म्हणाली.

"हिला दुसऱ्यांदा सांगावं लागतच नाही," आई कौतुकाने म्हणाली.

दुपारी रद्दीची गाडी आली. खोकं उचलून देताना मैथिलीला वाटलं, आबा ही पुस्तकं रद्दीत देतील? पण आता फोन करून विचारायचं म्हणजे सकाळी कळलं नव्हतं, असं कबूल करणं आलं. तिने खोकं देऊन टाकलं.

थोड्या वेळाने शाळेच्या वाचनालयाचा यंत्रमानव दारात उभा राहिला. त्याचं नाव बोरू.

"डॉ. परुळेकरांनी शाळेला दिलेली निळ्या खोक्यातली पुस्तकं न्यायला आलो आहे," तो म्हणाला. "तपकिरी खोक्यातली मासिकं रद्दीत जायची आहेत. ती चुकून मला देऊ नकोस. मागे एका घरातून मला भाजीची पिशवी दिली होती."

मैथिलीचे कान गरम झाले. "पुस्तकं अजून बांधायची आहेत. उद्या ये."

"दोरी आण. मी बांधतो."

"नको म्हटलं ना!" ती ओरडली, आणि पायरीवर बसून रडायलाच लागली. रडता रडता तिने सगळं सांगितलं. बोरू रागावला नाही. तो रागावला असता तर तिला बरं वाटलं असतं.

"तुला पूर्ण निरोप मिळाला," ती नाक पुसत म्हणाली. "मलाच कसा अर्धा मिळाला?"

"मला त्यांनी लिहून कळवलं होतं," बोरू म्हणाला. "इंटरनेट कुठलाही निरोप अखंड पाठवत नाही. त्याची पॅकेटं करतं (पॅकेट : माहितीचा छोटा तुकडा, ज्यावर पत्ता आणि क्रमांक असतो). हे तुकडे वेगवेगळ्या वाटांनी येऊ शकतात, मागेपुढे पोचतात. घेणारं यंत्र क्रमांक पाहून ते जुळवतं."

"आणि एखादा हरवला तर?"

"लेखी मजकूर असेल तर घेणारं यंत्र पोच देत राहतं (पोच : कुठपर्यंत मिळालं, ते कळवणारा उलट निरोप). 'तिसऱ्यापर्यंतच मिळालं' असं परत परत आलं, की चौथा पोचला नाही हे पाठवणाऱ्याला कळतं. तो चौथा परत पाठवतो."

"परत मागायची लाज नाही वाटत यंत्राला?"

"माझ्यात ती सोय नाही," बोरू म्हणाला.

"मग फोनमध्ये तसं का नाही करत?"

"कारण हरवलेला तुकडा येईपर्यंत बोलणारा माणूस पुढे गेलेला असतो. म्हणून फोनमध्ये तो बहुधा सोडूनच देतात. तिथे परत मागण्याचं काम माणसांवर ठेवलं आहे."

मैथिलीला सकाळचा फोन आठवला. तिच्यावर एवढंच काम ठेवलेलं होतं, आणि नेमकं तेच तिने केलं नव्हतं.

ती आत गेली आणि आईला सगळं सांगितलं. आईचा चेहरा उतरलेला पाहणं फार कठीण होतं. मग बोरूसकट तिघं रद्दीच्या वखारीत गेली.

"खयचा खोका? हयसर सगळेच निळे!" वखारवाले गवसकाका खोक्यांच्या ढिगाकडे हात करून म्हणाले. मग त्यांनी मागे जाऊन पाहिलं. "अर्धी पुस्तकां मशीनीत गेली गो बाय. आधी फोन करूक होयो होतो."

उरलेली पुस्तकं मैथिलीने स्वतः झटकून पुसली. घरी आल्यावर तिने आबांना फोन लावला आणि एका दमात खरं ते सांगितलं. पलीकडून काहीच आवाज येईना.

"आबा? ऐकू आलं का?"

"आलं." आबांचा आवाज अगदी हळू होता. "इंटरनेटच्या पहिल्या निरोपाचं पुस्तक मशीनीतून वाचलं का गं?"

"नाही."

आबांनी एक उसासा टाकला. मग म्हणाले, "त्यात होतं, १९६९ साली एका संगणकावरून दूरच्या दुसऱ्या संगणकाला एक शब्द पाठवायचा होता. पहिली दोन अक्षरं पोचली आणि यंत्र बंद पडलं. त्यांनी ते दुरुस्त केलं, साधारण तासाभराने परत पाठवलं. इंटरनेटची सुरुवातच तुटक्या निरोपाने झाली, मैथिली. आणि मी बघ, जन्मभर हेच काम करतो, पण तुला नुसतं 'कळलं ना?' विचारलं. 'काय ऐकलंस ते सांग' असं विचारायला हवं होतं. माझंही चुकलं."

"पण पुस्तकं माझ्यामुळे गेली."

"हो, गेली," आबा म्हणाले. ते खोटं बोलत नसत. "त्यातलं मला आठवतं ते सांगतो. तू लिही. शाळेला तेच देऊ. आज मुलं इंटरनेट नुसतं वापरतात. ही पानं वाचून उद्या त्यातलंच कोणी याहून चांगलं जाळं बांधेल."

मैथिलीने कागद घेतला. मागे आई होती, दारात पुस्तकं धरून बोरू होता.

"सुरुवातीला चारच संगणक जोडले होते," आबा सांगू लागले. "त्यांतला प्रत्येक..."

आवाज खरखरला, तुटला.

"थांबा आबा." तिचे कान पुन्हा गरम झाले, पण शब्द स्पष्ट निघाले. "चार संगणक, इथपर्यंत मिळालं. पुढचं परत सांगा."