सोमाकाकाचा उजवा पाय

साहिल, तो मोबाइल पालथा ठेव रे. उजेड डोळ्यात येतोय. आणि सेजल, तू आत सरक गो, मागनं म्हणू नको आजोबांनी भीती घातली. ही काय रचलेली गोष्ट नाय. पोलादपूरच्या वरच्या वाडीतला ऋत्विक, माझ्या चांगल्या ओळखीचा, त्याच्यावर गुदरलेली हाय. गेल्या सालची दिव्यांची अवस.

ऋत्विकचं काम घरूनच. परदेशातल्या इस्पितळांचे कागद कॉम्प्युटरवर यायचे, त्यातल्या दुखण्यांना हा कोड, म्हणजे ठरलेला आकडा, लावायचा. त्याच्या वाट्याला अपघातात तुटलेले पाय. डावा की उजवा, गुडघ्याच्या वर की खाली, पुरता तुटला की लोंबत राहिला, सगळ्याचे कोड निराळे. भाकरी खाता खाता लावायचा बेटा! वाडीतली बाकीची माणसं मुंबईला, दारांना कुलपं. उरलेले दोघंच, हा आणि शेजारचा सोमाकाका. मागंपुढं कोणी नसलेला म्हातारा.

मे महिन्यात हायवेवर ट्रकखाली सोमाकाकाचा उजवा पाय गेला. ऋत्विकच त्याला महाडच्या इस्पितळात घेऊन धावला. तिथं त्याला विचारलं, तुटलेला पाय घरी नेणार, की आम्ही विल्हेवाट लावू? आता आपल्यात काय करतात? पाय घरी आणतात, ज्याच्या त्याच्या जमिनीत पुरतात. पण हा रोज ढिगानं पाय बघणारा. म्हणाला, तुम्हीच काय ते करा.

शुद्धीवर आल्या आल्या म्हाताऱ्यानं विचारलं, "पाय आणलास ना रे घरी?"

"आणला, काका. तुमच्या वरकसात, त्या उतारावरच्या जमिनीत पुरला."

म्हाताऱ्याच्या जिवाला बरं वाटावं म्हणून बोलला. पण घरी आल्यापासून सोमाकाकाचं एकच, "पाय गार पडलाय रे माझा. परक्या जागी पडलाय."

"काका, नसलेला पाय दुखतोच. आमच्यात त्यालाही कोड आहे."

"मग लाव की! थांबंल का दुखायचा?" हसला बिचारा. "ऱ्हाऊ दे. तू बस जरा."

ऋत्विक बसला नाय. त्याला तोंड दाखवायची लाज वाटायला लागली. जेवणाचा डबा उंबऱ्यात ठेवायचा नि मागं फिरायचा. सगळ्या वाडीत दोन दिवे, आणि मधे बोलणारं कोण नाय. एकटेपण माणसाला आतून खातं रे. त्या दोघांनाही खात होतं.

त्या अवसेला पाऊस जरा उघडला होता. ऋत्विक कामाला बसलेला. अंगणात आवाज झाला.

धप्.

अनवाणी पाऊल. थांबलं... परत धप्.

त्यानं कान दिला. काठी वाजत नव्हती. दुसरं पाऊल पडत नव्हतं. एकच... तेच तेच.

पडवीत आलं.

"कोण?... काका?"

दाराशीच उभं.

ऋत्विक आतून कडी घट्ट धरून राहिला. मग ते वळलं. धप्... धप्... सोमाकाकाच्या घराकडं.

तिथं म्हातारा एकटा होता. कडी काढून पोरगा गेला. त्यापायी मानतो मी त्याला.

सोमाकाका तापानं फणफणलेला. दाराकडं बघून म्हणाला, "आलात? दोघंही आलात."

ऋत्विकनं मागं बघितलं. कोणी नाय.

"काका... मी पाय आणलाच नव्हता. तिकडंच टाकला. खोटं बोललो मी." ढसाढसा रडला.

"ठावं हाय रे. म्हणून तर त्याला एकट्याला चालत यावं लागलं." म्हाताऱ्यानं हात पुढं केला. "बस जरा."

ह्या वेळी बसला. हात धरून. उजाडायच्या आत म्हातारा गेला.

सकाळी खालच्या वाडीतनं मुरारी आला. मेलेल्या माणसाच्या पायाचे अंगठे एकमेकांना बांधतात ना, त्यासाठी त्यानं दोरी घेतली आणि तिथंच अडला. अंगठा एकच. त्याला गाठ मारली, दुसरं टोक चटईवर तसंच सोडलं. मग दोघं तिरडीला बांबू तोडायला गेले. घरात मागं कोण नव्हतं.

परत आले, तर... दुसऱ्या टोकालाही गाठ होती. अंगठ्याएवढा फास. आत काय नाय. तरी दोरी ताणलेली.

ऋत्विकनं हलकेच ओढून बघितली.

सरकली नाय.