पहिल्या क्रमांकाचं पुस्तक

रद्दीच्या गोदामाच्या दारात ती पोचली तेव्हा तिला धाप लागली होती, एका चपलेचा अंगठा तुटला होता, आणि आत तिच्याच ग्रंथालयाच्या गठ्ठ्यावर ऐसपैस बसून एक तरुण पुस्तक वाचत होता.

"उठा," ती म्हणाली. "तुम्ही ज्याच्यावर बसलाय ना, त्यात माझी नोकरी आहे."

तो उठला. हसला नाही, हे त्याचं नशीब. "कितव्या गठ्ठ्यात?"

"तेच तर माहीत नाही…"

त्याचं झालं होतं असं. शहराच्या ग्रंथालयाला शंभर वर्षं पूर्ण होत होती. त्याचा इतिहास लिहायचं काम मोठ्या बाईंनी, म्हणजे ग्रंथपालबाईंनी, हिच्याकडे दिलं. त्याच आठवड्यात वीस वर्षांत कुणी न नेलेली पुस्तकं काढून टाकायचं कामही हिच्याच गळ्यात पडलं. हिला सगळे घाईबाई म्हणायचे ते काही उगाच नाही. एका दिवसात तिनं तीनशे पुस्तकांवर 'बाद' असा शिक्का मारला, गठ्ठे बांधले आणि रवाना केले. मग निवांत इतिहास लिहू म्हणून शंभर वर्षांपूर्वीची नोंदवही उघडली, आणि पहिलीच ओळ वाचून ती ताडकन उठली.

क्रमांक एक, घड्याळदुरुस्ती. एका औषधविक्रेत्यानं आपल्या दुकानातलं कपाट रिकामं करून ग्रंथालय सुरू केलं, तेव्हा त्यात ठेवलेलं पहिलं पुस्तक. तीन आठवड्यांनी समारंभात काचेच्या पेटीत तेच ठेवायचं होतं. आणि काल दुपारी तिनं स्वतःच्या हातानं ते बाद केलं होतं.

"घड्याळदुरुस्ती?" तरुणाचा आवाज एकदम बारीक झाला. "हिरवा पुठ्ठा?"

"तुम्हाला काय माहीत?"

त्यानं मुकाट्यानं पिशवीतून हिरवा पुठ्ठा काढला. तो बाइंडर होता, जुने पुठ्ठे घ्यायला यायचा. आतली पानं तासाभरानं सातव्या गठ्ठ्यात सापडली, दोरा तुटून सुटी झालेली.

"फाडलंत तुम्ही," ती रडकुंडीला येऊन म्हणाली.

"शिक्का तुमचा, हात माझा. अर्धं अर्धं पाप." त्यानं पानं रुमालात बांधली. "उद्या संध्याकाळी दुकानात या. खळ मी शिजवतो, काळजी तुम्ही करा. ती तुम्हाला छान जमतेय."

मग ती रोज जायला लागली. खळीच्या वासाचं ते अरुंद दुकान, खिडकीशी शिवणीची चौकट, दोऱ्याला मेण लावणारी त्याची बोटं. पानं इतकी जुनी की श्वास जोरात घेतला तरी तुकडा पडावा. दोऱ्याचं एक टोक ती धरून बसायची आणि तिचा जीव त्या दोऱ्यालाच टांगलेला असायचा.

"होईल ना वेळेत?"

"हा आजचा पाचवा."

"पाचवा काय?"

"पाचवा 'होईल ना'. काल नऊ झाले होते. सुधारताय तुम्ही."

तिला हसू आलं. दोरा हातातून सुटला, तो धरायला दोघंही वाकली, आणि त्याचं मेणचट बोट तिच्या बोटांवर जरा जास्तच वेळ राहिलं… दोघांपैकी कुणीही घाई केली नाही. घाईबाईनंसुद्धा.

एकदा ती म्हणाली, "तुम्ही आमच्याकडे कधी दिसला नाहीत."

"सभासद व्हायला जामीन लागतो. तुमच्या निम्म्या पुस्तकांची बांधणी माझ्या बाबांची. बांधता बांधता वाचलीही त्यांनी. पण बाइंडरला जामीन कोण राहणार? राहून गेलं."

त्यानं ते साधेपणानं सांगितलं. तिला मात्र वाईट वाटलं. शंभर वर्षांच्या इतिहासात देणगीदारांची पानंच्या पानं होती, बाइंडरांची एक ओळ नव्हती. त्या रात्री घरी तिनं ती लिहिली.

समारंभाच्या आदल्या दिवशी पुस्तक तयार झालं. पहिल्या पानावरचा जांभळा 'बाद' मात्र तसाच होता.

"हा खोडा ना. बाईंना कळायला नको."

"खरवडलं तर भोक पडेल. सांगून टाका त्यांना."

"तुमचं काय जातंय सांगायला?"

"जातंय ना." तो खळीच्या भांड्याकडे बघत बोलला. "पुस्तक तर झालं, त्यात तुमची नोकरीही गेली तर उद्या तुम्ही या दुकानात कशाला याल? तीन आठवडे हीच धास्ती घेऊन बसलोय मी. पुस्तक लवकर संपू नये म्हणून… दोनदा शिवण उसवली."

तिला रागवायला हवं होतं. ती कानापर्यंत लाल झाली आणि म्हणाली, "माझ्याबरोबर चला. एकटीनं सांगायची हिंमत नाही माझी."

बाईंनी सगळं ऐकून घेतलं. चष्मा काढला, पुसला, लावला. बाईंनी पुस्तकाच्या पाठीवरून बोट फिरवलं, मग पेन उघडून शिक्क्याखाली लिहिलं, 'बाद रद्द', आणि तारखेसह सही केली.

"पेटीत हेच पान उघडं ठेव," त्या म्हणाल्या. "शंभर वर्षांत आमच्याही चुका झाल्या, कुणी येऊन सांगितल्या नाहीत." मग बाइंडरकडे वळल्या. "शिवण चांगली आहे. सभासद आहात?"

"जामीन नाही."

"मी राहते," ती पटकन म्हणाली.

"कर्मचाऱ्याला राहता येत नाही. अर्जदार नात्यातला असेल तरच." बाईंनी अर्ज पुढे सरकवला. "नात्याचा रकाना रिकामा चालत नाही."

तिनं त्याच्याकडे पाहिलं. तीन आठवडे तिची थट्टा करणाऱ्या माणसाचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"होईल ना?" त्यानं अगदी हळू विचारलं.

तिनं टेबलावरची पेन्सिल उचलली आणि रकान्यात दोन शब्द लिहिले. माझा माणूस.

बाईंनी अर्ज वाचला आणि परत तिच्यापुढे ठेवला.

"पेन्सिलीनं लिहिलेलं आपल्याकडे चालत नाही, माहीत आहे ना तुला?" त्या म्हणाल्या आणि स्वतःचं शाईचं पेन उघडून तिच्या हातात दिलं.

तिनं तेच दोन शब्द शाईनं गिरवले, सावकाश, अजिबात घाई न करता.