विहिरीतली स्क्वाटिनिडी

"भालचंद्र, नारळाचं पाणी पूजेआधी प्यायचं नसतं."

"मी नुसता हलवून बघतोय."

"मग त्याचा डोळा का कुरतडतोयस?"

भालचंद्राने नारळ निमूटपणे ताटात ठेवला. पद्मजाने सुस्कारा सोडला. भाऊ तिच्याहून दोन वर्षांनी मोठा, खामगावच्या हायस्कुलात इंग्रजी शिकणारा. पण खाण्याची वस्तू समोर आली की त्याचं वय निम्मं होई.

दोघं उन्हाळ्याच्या सुट्टीत मामाकडे आली होती. मोताळ्यापासून दोन कोसांवरचं तांदुळखेड हे गाव. रंगरावमामा तिथल्या शाळेचे मास्तर. आज सगळं गाव पुंजाजीच्या नव्या विहिरीवर लोटलं होतं, कारण त्या विहिरीला पाणी लागलं होतं. पुंजाजी आणि त्याच्या भावांनी दोन उन्हाळे ती खणली होती. मध्ये काळा पाषाण लागला आणि काम बंद पडलं. लोक तिला 'कोरडी खाच' म्हणून हसायला लागले. मग गेल्या आठवड्यात सुरुंग लावला आणि कपारीतून पाणी उसळलं. गावातल्या बाया तोवर नदीच्या वाळूत झिरे उकरून वाटी-वाटीने पाणी भरत होत्या. विहीर पुंजाजीची होती, पण आनंद साऱ्या गावाचा होता.

पुंजाजीचा मुलगा उद्धव सुट्टीपुरता ह्या दोघांचा जिवलग झाला होता. तो नव्या सदऱ्यात, ताठ मानेने, बापाशेजारी उभा होता. त्याच्या आईने, रुखमाबाईने, विहिरीची खणा-नारळाने ओटी भरली. पुंजाजीने पहिला पोहरा सोडला, दोर ओढला, पोहरा काठावर आला.

पोहऱ्यातून एक शेपूट बाहेर लोंबत होतं.

पुंजाजीच्या हातून दोर सुटला. पोहरा कलंडला आणि आतलं जनावर दगडावर पडलं. दीड वीत लांब, भाकरीसारखं चपटं, दोन्ही अंगांना पंख, रुंद तोंड आणि डोकीच्या वरच्या बाजूला डोळे. एखाद्या बाळाला कुणी लाटण्याने लाटून पंख लावावेत, तसं. बाया मागे सरकल्या.

"हे काय व्हय?" उत्तमराव पाटलांनी विचारलं. कुणालाच ठाऊक नव्हतं. मग सगळ्यांच्या माना मास्तरांकडे वळल्या.

मामा सगळ्यांच्या मागे, छत्री उघडून उभे होते. त्यांनी तिथूनच पाहिलं. त्यांचा चेहरा कसनुसा झाला. "ही... ही स्क्वाटिनिडी," ते म्हणाले.

"म्हणजे काय, मामा?" पद्मजाने विचारलं.

"ते शास्त्रीय नाव आहे."

"पण त्याचा अर्थ काय?"

"शास्त्रीय नाव म्हणजे शास्त्रातलं नाव. ऊन फार झालंय. चला घरी."

झालं. आगीत तेल पडायला एवढं पुरे होतं. शास्त्रात नाव आहे म्हणजे जनावर साधं नाही, हे लोकांनी ठरवून टाकलं. पूतना, हिडिंबा, तशीच ही स्क्वाटिनिडी. दिवेलागणीपर्यंत ती हिडिंबेची धाकटी बहीण झाली होती, आणि पोहऱ्यात आलं ते तिचं तान्हं पोर. आई अजून विहिरीतच होती. रात्री पाटलांच्या ओसरीवर ठरलं की येता बाजार झाला, की दुसऱ्या दिवशी विहीर दगडमातीने बुजवायची.

उद्धव मामांच्या ओट्यावर येऊन बसला. नवा सदरा त्याने काढून टाकला होता.

"बापानं सकाळपासून घास नाई खाल्ला," तो म्हणाला. "तुह्या मामानं नाव घेतलं नसतं, तं लोकायनं ते फेकून देल्लं असतं. काऊन नाव घेतलं बे त्यायनं?"



पद्मजा पुन्हा मामांकडे गेली. "मामा, स्क्वाटिनिडी म्हणजे नक्की काय?" मामांना तेवढ्यात शाळेची किल्ली आठवली. मग पद्मजा अन्नपूर्णामामीकडे गेली. "मोठ्यांना सारखं 'म्हणजे काय, म्हणजे काय' करू नये गं," मामी म्हणाली. मग पद्मजा थेट पाटलांकडे गेली. पाटील सुपारी कातरत म्हणाले, "पोरी, शास्त्रातलं आपल्याले काय समजते?"

"पण समजत नाही, तर विहीर का बुजवता?"

"समजत नाई म्हनूनच तं बुजवून राह्यलो."

पद्मजा घरी परत आली ती जमिनीवर पाय आपटतच. "एवढं गाव," ती म्हणाली, "आणि एकाला विचारावंसं वाटत नाही, की बाबा, ह्या शब्दाचा अर्थ काय. नाव घेतात आणि घाबरतात. घाबरतात आणि पुन्हा नाव घेतात."

"आपण ते जनावरच नीट बघू," भालचंद्र म्हणाला. त्याला कधीकधी बरं सुचे.

जनावर विहिरीजवळच्या बाभळीला टांगलं होतं. वैशाखाच्या उन्हात मेलेला उंदीर दुपारपर्यंत नाक धरायला लावतो. पण ह्याला वासच नव्हता. मुंगी नाही, माशी नाही. उद्धवने काठीने टोचून पाहिलं.

"चपलेच्या चामड्यावानी लागते," तो म्हणाला.

"आणि बघ, दोन्ही बाजूंनी कसं वळलंय," पद्मजा म्हणाली. "गोल काहीतरी आतून चिकटून असावं, तसं. जिवंतपणी असं अर्धगोल होऊन कोण पोहेल?"

"हिडिंबेच्या बहिनीचं काय सांगता येते," उद्धव म्हणाला. पण दोन दिवसांत पहिल्यांदाच तो किंचित हसला होता.

अर्थाचा पत्ता लागला तो मात्र बसल्या जागी. दुपारी भालचंद्र मामांच्या बाजेवर धपकन पडला. बाज डुगडुगली. तिचा एक पाय आखूड होता आणि त्याखाली एक जाडजूड पुस्तक सरकवलेलं होतं. बुलढाण्याचा कुणी साहेब विलायतेला परत गेला, तेव्हा त्याच्या बंगल्यातल्या सामानाचा लिलाव झाला होता. शाळेसाठी म्हणून मामा तिथून एक कपाट घेऊन आले होते, आणि कपाटासोबत हे पुस्तक. ते कुणी उघडलं मात्र नव्हतं. पद्मजाने ते बाजेखालून ओढून काढलं. आत माशांची चित्रं होती. पानामागून पान उलटत गेल्यावर तेच जनावर दिसलं. तेच पंख, तेच डोळे.

भालचंद्र इंग्रजी ओळींवर बोट फिरवत, अडखळत अर्थ सांगू लागला. "हा मासा आहे. समुद्रातला. खाऱ्या पाण्यात, तळाच्या वाळूत अंग पुरून पडून राहतो. शार्कच्या जातीचा, पण चपटा. पंखांमुळे तिकडचे कोळी ह्याला 'एंजल' म्हणतात. म्हणजे देवदूत."

"देवदूत," पद्मजा म्हणाली, "आणि आपण त्याला राक्षसीण केलं. पुढे?"

"स्क्वाटिना हे ह्या माशाचं फार जुनं लॅटिन नाव. मोठा अर्थबिर्थ काही नाही. आपण रोहू म्हणतो, तसं. आणि स्क्वाटिनिडी म्हणजे त्या सगळ्यांचं घराणं. एका माशाचं नाव नव्हे. एका माशाला दोन शब्दांचं नाव असतं. पहिला शब्द सगळ्या जवळच्या भावकीचा, दुसरा त्याचा एकट्याचा."

"हे नाई समजलं," उद्धव म्हणाला.

पद्मजा थोडा विचार करून म्हणाली, "पिंपळगाव राजा. पिंपळगाव देवी. पिंपळगाव काळे. पिंपळगाव सगळ्यांत सारखं, पण कुठलं पिंपळगाव ते दुसऱ्या शब्दाने कळतं. हो ना?"

"हाव."

"तसंच हे. आणि मामा जे बोलले ते म्हणजे गाडीवानाने 'कुठं जायचं' विचारल्यावर 'जिल्ह्यात' म्हणून सांगण्यासारखं झालं."

उद्धव मनापासून हसला. मग तिघं पुस्तक घेऊन पाटलांकडे धावली. पाटलांनी चित्र पाहिलं, मान डोलावली.

"समुद्रातला मासा," ते म्हणाले. "मंग आमच्या विहिरीत कसा आला? उडत आला? पंख तं हायेतच म्हना."

भोवतालचे लोक हसले. तिघं परतली. पद्मजाला आता रडूही येत होतं आणि रागही येत होता. आणि सगळ्यात जास्त राग ह्याचा होता, की पाटलांचा प्रश्न बरोबर होता.

रात्री पानं वाढली गेली. भालचंद्र नेहमीप्रमाणे कैरीच्या लोणच्यावर तुटून पडला. मामा भाकरी ठेच्याशी खात होते.

"यंदा लोणच्याला हात लावत नाहीत हे," मामी हिरमुसून म्हणाली. "एरवी सणाचं पान सोडतील, पण माझं लोणचं सोडायचे नाहीत. पाटलांच्या घरी पाठवलं, तर पाटील रोज दोन-दोन फोडी मागून खातात. घरच्याच माणसाला काय झालं कोण जाणे."

"पोटात... जळजळतं जरा," मामा म्हणाले आणि पाण्याचा पेला तोंडाला लावून बसले.

पद्मजाचं लक्ष फडताळाकडे गेलं. तिथे लोणच्याची बरणी होती. जाड काचेची, रुंद, गोल.

"मामी, ही बरणी नवी आहे?"

"चिनी मातीची फुटली ना तुझ्या मामांच्या हातून, ऐन लोणच्याच्या दिवसांत. मग ह्यांनीच शाळेतून ही आणून दिली. रिकामीच पडली होती म्हणे."

पद्मजाचा घास हातातच राहिला. मामांनी समुद्र कधी पाहिला नव्हता. मग सगळ्यांच्या मागून, छत्रीखालून, न वाकता, न बघता, त्यांनी ते नाव कसं सांगितलं? ओळखीच्या माणसाला हाक मारावी तसं? आणि ते पंख कशाला चिकटून वळले होते?

हात धुताना तिने भालचंद्राला सगळं सांगितलं. तो नेमका शेवटची फोड चोखत होता. त्याने ती तोंडातून काढली, चंद्राच्या उजेडात उलटसुलट पाहिली आणि तसाच परसाकडे पळाला.

"आपण जाऊन पाटलांना सांगू," परत आल्यावर तो क्षीण आवाजात म्हणाला.

"आपलं कोण ऐकतंय? मामांनीच सांगायला हवं. आणि ते सांगतील," पद्मजा म्हणाली. "मामा भित्रे आहेत, पण वाईट नाहीत."

बाजाराच्या दुसऱ्या दिवशी सकाळी विहिरीशी मुरूम-दगडाच्या गाड्या उभ्या राहिल्या. पुंजाजी पाठ करून बसला होता. रुखमाबाईचे डोळे सुजले होते. पद्मजाने मामीला म्हटलं होतं, की राबणाऱ्या लोकांना भाकरी-लोणचं नेऊ या. मामी बिचारी बरणीच उचलून घेऊन आली होती.

"मामा, तुम्हाला आधी," पद्मजाने एक फोड त्यांच्यापुढे धरली.

"नको, नको. जळजळ..."

"अरे, मास्तरले नको तं मले दे," म्हणत पाटलांनी हात पुढे केला. पद्मजाने फोड त्यांच्या तळहातावर ठेवली आणि मामांकडे पाहत राहिली. पाटलांचा हात तोंडाकडे निघाला. मामा एकदा पाटलांकडे बघत होते, एकदा पुंजाजीच्या पाठीकडे.

"पाटील, खाऊ नका," मामा म्हणाले.

"काऊन?"

मामांनी छत्री मिटली. "त्या बरणीत तो मासा होता. साहेबाच्या कपाटातला. आतलं, टिकवण्यासाठी भरलेलं स्पिरिट कधीचं उडून गेलं होतं, मासा नुसता वाळून बसला होता. हिची बरणी मी फोडली होती, म्हणून मासा काढला, बरणी राखेनं घासघासून धुतली आणि मासा... ह्या विहिरीत टाकला. मला वाटलं, कोरडी खाच आहे, पुन्हा कोण उतरतंय. तो कपारीत अडकला असावा. पाणी चढलं तसा वर आला. नाव बरणीवरच्या चिठ्ठीत वाचलं होतं. ते तोंडून निघून गेलं आणि मग खरं सांगायला धीर होईना. बरणी धुतली होती हो, पण मला काही घास गिळवेना."

मामीने बरणी उचलली, सगळं लोणचं मुरमाच्या ढिगावर पालथं केलं आणि रिकामी बरणी पाटलांसमोर ठेवली. उद्धवने बाभळीवरून मासा काढून आणला. पाटलांनी तो शेपटीकडून धरून हळूच आत सोडला. तो काचेला असा बसला, की जणू बरणी त्याच्याच मापाची घडवली होती.

"म्हंजे," पाटील सावकाश म्हणाले, "पंधरा रोज म्या हिडिंबेच्या बहिनीचं लोनचं खाऊन राह्यलो."

सगळ्यांत आधी पुंजाजी हसला. इतके दिवस धड न जेवलेला माणूस पोट धरून हसू लागला, तसं सगळं गाव हसू लागलं. मामी सोडून. ती मामांकडे ज्या नजरेने बघत होती, ती पाहून मामांनी स्वतः होऊनच पोहऱ्याचा दोर धरला.

"बरोबर हाय, मास्तर," पाटील म्हणाले. "विहीर उपसाची हाय, अन् सुरुवात तुमीच कराची."

उन्हं उतरेपर्यंत उपसा चालला. मामांच्या हाताला फोड आले, पण ते एकदाही छत्रीखाली गेले नाहीत. झऱ्याचं नितळ पाणी पुन्हा भरू लागलं, तेव्हा रुखमाबाईने विहिरीची पुन्हा पूजा केली आणि पहिला तांब्या पाटलांना दिला. पाटील ते पाणी सावकाश प्याले. मग पद्मजापुढे येऊन उकिडवे बसले.

"पोरी, त्या माशाचं नाव काय म्हनलं होतं मास्तरनं?"

"स्क्वाटिनिडी."

"म्हंजे काय?"

पद्मजा त्यांच्याकडे बघतच राहिली. किती दिवसांनी एका मोठ्या माणसाने तो प्रश्न विचारला होता. ती बोलणार, तेवढ्यात उद्धव पुढे झाला.

"पाटील, पिंपळगाव राजा, पिंपळगाव देवी, पिंपळगाव काळे..." त्याने सुरुवात केली, आणि गाडीवानासकट सगळं समजावून सांगितलं. पाटील मन लावून ऐकत होते.

"हे त्याच रोजी कोनी इचारलं असतं, तं?" ते म्हणाले.

"मी विचारलं होतं," पद्मजा म्हणाली.

"हाव. तू एकली इचारत होती. आमी सारे नुसते भेत होतो." पाटलांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला. "अशीच इचारत जाय. आमाले राग आला तरी इचारत जाय."

पद्मजाला आता रागवायला काही शिल्लकच राहिलं नव्हतं. म्हणून तिने मान वळवली, तर पूजेच्या ताटापाशी भालचंद्र नारळाचा डोळा पुन्हा कुरतडत बसला होता.

"भालचंद्र," ती म्हणाली, "आता फोड तो."