हैमंतीची स्वतःची उत्तरं

बंगाली सिनेमात प्रेम ही दोघांची खासगी बाब नसते. तो एका संपूर्ण संस्कृतीचा आत्मशोध असतो. हैमंती सान्यालला मात्र त्या दिवशी सर्दी झाली होती. भवानीपूरच्या गल्लीत शूटिंग चालू होतं, विरहाच्या क्लोजअपमध्ये तिला चौथ्यांदा शिंक आली आणि दिग्दर्शकाने तिला समोरच्याच होमिओपॅथीच्या दवाखान्यात धाडलं.

डॉक्टर परिमल नंदी सर्दीबद्दल काही विचारेचनात. रडू एकटीला येतं की चारचौघांत? कोणी समजूत घातली तर बरं वाटतं की राग येतो?

नवऱ्याच्या मित्रावर, बहिणीच्या प्रियकरावर, एकदा तर एकाच वेळी नवऱ्यावर आणि त्याच्या गुरूवर… अकरा सिनेमांत हैमंतीने इतकं गुंतागुंतीचं प्रेम केलं होतं, की समीक्षक नुसत्या तिच्या पापण्यांवर दोन-दोन परिच्छेद लिहीत. तिने त्या पापण्या खिडकीकडे वळवल्या. "समजूत घालणारा माणूस… मला नेहमी उशिराच भेटतो."

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं.

"हे तुम्ही केलेल्या त्या जमीनदाराच्या सुनेचं उत्तर झालं. आईने मला तो सिनेमा चार वेळा दाखवलाय. औषध तुम्हाला द्यायचंय, तिला नाही."

हैमंतीला राग आला. मग त्याहून वाईट गोष्ट लक्षात आली – स्वतःचं असं उत्तर तिच्याकडे नव्हतंच.

सर्दी गेली, तरी दर गुरुवारी ती एखादं खरं उत्तर शोधून आणू लागली. कवितावाचनात आपल्याला झोप लागते. कबुतरांची भीती वाटते. बंगाली असून हिलसा माशाचे काटे अजून काढता येत नाहीत. हे शेवटचं कुठेही न बोलण्याचं डॉक्टरांनी वचन दिलं आणि स्वतःच्या कानाची पाळी लाल होईपर्यंत हसले. ती पाळी हैमंतीच्या आठवडाभर लक्षात राहिली.

डॉक्टरांच्या आईला, माशीमांना, ती आवडायची, पण पडद्यावर हिने तीन नवरे सोडले, हे त्यांच्या मनातून जाईना.

"दोनच, माशीमा," हैमंती नम्रपणे म्हणाली. "तिसरा टायफॉइडने गेला."

माशीमांना ते आठवलं. त्या पुन्हा रडल्या आणि त्यांनी संदेश मिठाईची बशी पुढे केली.

आठव्या गुरुवारी हैमंती म्हणाली, "डॉक्टरबाबू, तुम्ही नसता तेव्हा सगळं शहर…"

"हे कुठल्या सिनेमातलं?" त्यांनी विचारलं. आवाज थट्टेचा होता, पण कानाची पाळी लाल झाली होती.

पदर कसा सोडायचा, कुठल्या शब्दावर थांबायचं, हे सगळं तिला येत होतं. त्यातलं काहीच तिने केलं नाही.

"गोळ्या मी वाटेतच संपवते. गोड असतात म्हणून. मला काही झालेलं नाही… मी तुम्हाला बघायला येते. आणि आता मला फार लाज वाटतेय, तर काहीतरी बोला."

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं.

"हे तुमचं आहे," ते म्हणाले. "इतकं ओबडधोबड कोणी लिहून देणार नाही." मग हळूच, "बुधवारी रात्री मला झोप येत नाही, हैमंती. दोन महिने झाले."

त्यांनी नोंदणी पद्धतीने लग्न करायचं ठरवलं. कायद्याप्रमाणे नोटीस तीस दिवस विवाह नोंदणी कार्यालयाच्या फलकावर लागली. एका संपूर्ण संस्कृतीतून कोणाचीही हरकत आली नाही.