'भरती'ची दुसरी बाजू

"तुम्ही... तुम्ही आत्ता काय गुणगुणलात?"

मी दचकलेच. हातखंब्याच्या थांब्यावर लांज्याच्या एसटीची वाट बघत उभी होते. उन्हातच श्रावणाची सर आली होती. शेजारी आडोशाला आलेल्या एका मुलाच्या मोबाइलवर सिंथेसायझरची धून चालली होती, हलकी, लाटेसारखी वर-खाली होणारी. ती मध्येच तुटली, आणि नकळत मी पुढची ओळ गुणगुणले. एवढंच!

पण त्याचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"पुढची ओळ," मी म्हटलं. "का? बेसूर होती?"

"ती ओळ कुणालाच माहीत नाही हो!" तो पुढे सरकला. "मी दीपेश. रत्नागिरीत छोटा स्टुडिओ आहे माझा. ही शहाऐंशी सालची कॅसेट, 'भरती'. एकच बाजू उरलीय, दुसरी बुरशीनं खाल्ली. पण इंटरनेटवर पोचलेल्या त्या एका बाजूवर देशोदेशीची मुलं इलेक्ट्रॉनिक संगीत शिकली. मीही! करणारा कोण, तेवढं कळत नाही. कॅसेटवर नुसतं 'एन. साळवी'. तुम्ही कुठे ऐकलंत हे?"

"आमची आई काजूगर सोलताना..." बोलता बोलता मी थांबले. "तिचं माहेरचं नाव... निशिगंधा साळवी."

आम्ही एकमेकांकडे बघतच राहिलो. समोरून एसटी आली आणि गेली. दोघांनाही कळलं नाही.

शेवटी त्याच्याच बाइकवरून लांज्याला आलो. त्यानं मोबाइल आईपुढे धरला. कुठल्याशा परदेशी मैदानात हजारो पोरं तिच्या धुनेवर नाचत होती. आईनं पदराला हात पुसून मोबाइल हातात घेतला.

"चाळीसच कॅसेट खपल्या होत्या रे," ती पुटपुटली. "कंपनीवाला म्हणाला, बाई, हे संगीत नाही, मशीन बिघडलंय."

"आई, तू मला कधीच कसं नाही सांगितलंस?"

"हरलेली गोष्ट लेकीला काय सांगायची, नेत्रा?"

मला रडूच फुटलं. एकोणतीस वर्षं मी या बाईच्या हातचं जेवत होते, आणि ती कोण हेच मला ठाऊक नव्हतं!

मग दर शनिवारी दीपेश कीबोर्ड घेऊन यायला लागला. आई आठवून आठवून दुसरी बाजू वाजवायची, तो रेकॉर्ड करायचा. मी चहा द्यायची...

"साखर विसरलीस," तो म्हणायचा.

"तुझं लक्ष कुठे असतं? दोन चमचे घातलीय."

"लक्ष? ते... दुसरीकडेच असतं," असं म्हणून तो कपात बघून हसायचा. आणि मी उगाचच साखरेचा डबा शोधत आत पळायची.

सहाव्या शनिवारी त्यानं वायरी गुंडाळल्या. "झालं."

"म्हणजे आता... येणार नाहीस?"

"काम संपलं ना."

"हो. कॅसेटसाठीच तर येत होतास." मी तोंड फिरवलं. डोळे भरून आले होते, ते त्याला दिसायला नको होते.

तो गुंडाळलेल्या वायरी सोडून पुन्हा गुंडाळायला लागला. त्याचे कान लाल झाले होते.

"नेत्रा... काम दुसऱ्याच शनिवारी संपलं होतं."

"काय?"

"त्यानंतर काकू मुद्दाम सूर चुकवायच्या. म्हणाल्या, आमची पोर पटकन खुलत नाही, तुला अजून चार-पाच शनिवार लागतील."

मी थक्क! "आई!"

"ओरडतेस काय?" स्वयंपाकघरातून आवाज आला. "चुकीचं वाजवून वाजवून बोटं दुखली माझी! दे एकदाचं उत्तर त्याला."

"अगं, आधी त्याला विचारू तर दे!"

आणि त्यानं विचारलं. अगदी हळू, वायरीचं भेंडोळं छातीशी धरून. माझ्या तोंडून 'हो' इतक्या पटकन निघालं, की सगळ्यात मोठा धक्का मलाच बसला.