क्षमता आठ माणसं

लिफ्ट दुरुस्तीत माझी बावीस वर्षं गेली. घरी वाट बघणारं कुणी नाही, म्हणून लांबच्या तक्रारी साहेब माझ्याच माथी मारतात. त्या दिवशीची तक्रार लाइट रेलच्या एका स्टेशनातली होती: 'लिफ्ट रिकामी असताना जादा वजनाची घंटा वाजते.'

फलाट वर पुलावर, तिकीट खिडकी खाली रस्त्याला लागून. आजूबाजूला शटर ओढलेली दुकानं. दर वीस मिनिटांनी दोन डब्यांची गाडी यायची, दारं उघडायची, मिटायची. खिडकीवरच्या बाई पन्नाशीच्या, दिवसभर एकट्या.

मी लिफ्टच्या तळाचा सेन्सर तपासला. वीस-वीस किलोची वजनं ठेवून पाहिली. आकडा अगदी बरोबर. लिफ्ट काचेची होती, म्हणून वजनाचा डिस्प्ले आतल्या भिंतीला लावला आणि फलाटावर उभा राहिलो. बाईही वर आल्या.

"सेन्सर बदलणार का हो, भाऊ?"

"खराब असला तर बदलावा लागेल."

"खराब नाहीये तो. आणि बदललात तर मला कसं कळणार, कुणी आलंय की नाही?"

मी हसलो. त्या हसल्या नाहीत.

तीन दहाची गाडी आली. कुणी उतरलं नाही. गाडी गेली आणि लिफ्टचं दार उघडलं. बटण कुणी दाबलं नव्हतं.

शून्य. मग ६२. जरा थांबून ११७. मग १९०. आकडा उडत नव्हता. माणूस आधी एक पाय ठेवतं, मग दुसरा, तसा चढत होता. ५८१ वर घंटा वाजली.

बाई दाराशी गेल्या. "शेवटी आलात त्यांनी उतरून घ्या बघू. लगेच परत येईल लिफ्ट."

५१४.

दार मिटलं. मी नकळत एक पाऊल बाजूला सरकलो, कुणाला तरी जागा द्यावी तसा.

लिफ्ट रिकामी होऊन परत आली. ६७. आम्ही जिन्याने खाली धावलो. खाली दार उघडलं, बराच वेळ उघडं राहिलं. आकडा हलला नाही.

"हे उतरतच नाहीत," बाई हळूच म्हणाल्या. "बाकीच्यांना घ्यायला येत असावं कुणीतरी. यांना येत नाही. संध्याकाळपर्यंत वर-खाली करत राहतात."

मी कागदावर 'दोष आढळला नाही' असं लिहिलं. बाईंनी ते दोनदा वाचलं, डोळे पुसले आणि सही केली.

काम संपलं की मेकॅनिकने स्वतः एक फेरी मारायची, असा आमचा नियम. माझी पिशवीही वरच राहिली होती. मी आत गेलो. माझं वजन एकाहत्तर.

१३८.

मी कोपऱ्यात अंग चोरून उभा राहिलो. आत गार होतं.

वर दार उघडलं. मी बाहेर पाऊल टाकलं, मागे वळून डिस्प्लेकडे पाहिलं.

दाराशेजारच्या स्पीकरमधून बाईंचा आवाज आला. "पोचलात? किती दाखवतंय?"

"शून्य."



"मग जिन्याने सावकाश उतरा, भाऊ. त्यांना पायऱ्या भराभर जमत नसणार."